हार्डवेअरचं काउंटर: पाचपैकी चार स्टार, आणि एक का कापला तेही सांगते

हा रिव्ह्यू कुठल्या एका दुकानाचा नाहीये हे आधीच सांगते, उगाच पत्ता विचारू नका. एका प्रकारच्या दुकानाचा आहे. पुढे लांब काउंटर, मागे छतापर्यंत खण आणि डबे, प्रत्येक खणावर आतल्या मालाचा एकेक नमुना अडकवलेला, आणि मधे एक माणूस, ज्याला आपण काय पाहिजे ते सांगायचं आणि त्याने आत जाऊन आणून द्यायचं. ही दुकानं आता संपणार असं वर्षानुवर्षं कोणी ना कोणी सांगतच असतं, बाकी किती धंद्यांतली काउंटरं मोडून तिथे रॅक आले सुद्धा, पण हार्डवेअरचं काउंटर काही जायचं नाव घेत नाही. मला याचं कोडं वाटायचं म्हणून थोडा इतिहास चाळला, आणि आता मत असं झालंय की खिळे-स्क्रू हे निमित्त असतं, आपण खरे जातो ते हातातल्या तुटक्या तुकड्याचा जोडीदार ओळखून घ्यायला. ओळख पटवून देणं ही तिथली खरी सर्व्हिस, त्यामुळे स्टार त्यालाच देतेय.

आधी मालाबद्दल. आज मूठभर खिळे कागदात गुंडाळून देतात आणि आपण अर्धे हरवतो, पण खिळा ही शेकडो वर्षं चांगली महागडी वस्तू होती, लोहार एकेक ठोकून बनवायचा. रोमन सैन्याने स्कॉटलंडमधल्या इंचटुथिलचा किल्ला सोडला तेव्हा साधारण पावणेनऊ लाख खिळे खड्डा खणून पुरून टाकले, कारण एवढं वजन बरोबर नेणं अवघड आणि मागे ठेवलं तर आसपासच्या टोळ्या त्या लोखंडाची हत्यारं करणार. १९६० च्या आसपास उत्खननात ते सापडले. अमेरिकेतल्या व्हर्जिनियाच्या वसाहतीत तर लोक जागा सोडून जाताना स्वतःचं घर जाळायचे, का तर राखेतून खिळे वेचून पुढच्या घराला वापरता यावेत म्हणून, आणि १६४५ च्या सुमारास तिथे कायदाच करावा लागला की घर जाळू नका, दोन त्रयस्थ माणसं घरात किती खिळे असतील त्याचा अंदाज करतील आणि तेवढे खिळे तुम्हाला भरून मिळतील. म्हणजे खिळ्यांची नुकसानभरपाई, खिळ्यांतच. पुढे १७९४ मध्ये थॉमस जेफरसनने, जो नंतर अमेरिकेचा अध्यक्ष झाला त्याने, आपल्या माँटिसेलोच्या मळ्यावर खिळ्यांचा कारखाना काढला, त्यात दहा ते सोळा वर्षांची गुलाम मुलं राबायची आणि तयार खिळे आसपासच्या दुकानदारांना जायचे. छोट्या दुकानांचा इतिहास सांगताना लोक फार गोड गोड सांगतात, म्हणून हेही लिहून ठेवते. लोखंडाचे व्यापारी अर्थात त्याच्याही आधीपासून होते, लंडनमधल्या त्यांच्या संघाला १४६३ मध्येच राजाची सनद मिळाली होती, पण बारीकसारीक माल शेकडो मापांत कायम भरलेला असणं हे मशीनने खिळे आणि स्क्रू बनायला लागल्यावरच परवडलं.

आणि नुसतं स्वस्त होऊन भागणार नव्हतं. नट एका दुकानातून घेतला आणि बोल्ट दुसरीकडून तर दोघं एकमेकांना लागले पाहिजेत ना. अठराव्या शतकात हे होत नव्हतं, ज्या कारागिराने बोल्ट कापला त्यानेच त्याचा नट कापायचा आणि ती जोडी फुटली की संपलं. हेन्री मॉड्स्ले याने १८०० च्या आसपास स्क्रूचे आटे अचूक कापणारं लेथ बनवलं, आणि त्याच्याच हाताखाली काम केलेल्या जोसेफ व्हिटवर्थने १८४१ मध्ये इंग्लंडमधल्या वेगवेगळ्या वर्कशॉपमधले स्क्रू गोळा करून, त्यांची मापं ताडून, एक ठरावीक पद्धत मांडली, म्हणजे अमुक जाडीच्या बोल्टला इंचात अमुक इतके आटे आणि आट्याचा कोन ५५ अंश. माझ्या मते हार्डवेअर दुकानाचा खरा जन्मदाता हाच. कारण आता दुकानदार नट वेगळे आणि बोल्ट वेगळे डब्यात भरून ठेवू शकतो, आणि महिन्यांनी कोणी एकच नट मागायला आला तरी तो लागणार.

पण इथे गंमत आहे. १८६४ मध्ये अमेरिकेत विल्यम सेलर्स नावाचा यंत्रं बनवणारा म्हणाला की ५५ अंशाचा गोल माथ्याचा आटा बनवायला किचकट, आम्ही ६० अंशाचा आणि सपाट माथ्याचा करतो. झालं, दोन घराणी झाली. पाव इंचाच्या बोल्टला दोन्हीकडे इंचात २० च आटे, त्यामुळे एकाचा नट दुसऱ्याला जेमतेम लागतो आणि आपल्याला वाटतं जमलं, पण अर्ध्या इंचाला व्हिटवर्थचे १२ आणि अमेरिकन १३, तिथे दोन फेऱ्यांत अडकतं. दुसऱ्या महायुद्धात दोस्त राष्ट्रांची यंत्रं एकमेकांच्या नट-बोल्टांनी दुरुस्त होईनात, मग १९४८ मध्ये अमेरिका, ब्रिटन आणि कॅनडा यांनी मिळून एक सामाईक पद्धत ठरवली, तोवर उरलेल्या जगात मेट्रिक, म्हणजे मिलिमीटरचं माप, पसरलेलं होतंच. जुनी माती काढून नवी टाकावी तसं काही झालं नाही, सगळे थर एकावर एक राहिले आणि सगळे आजही घराघरांत आहेत. थोडक्यात दुकान उभं राहिलं ते मापं एकसारखी झाली म्हणून, आणि काउंटरवरचा माणूस टिकला तो मापं पूर्ण एकसारखी कधी झालीच नाहीत म्हणून.

याची परीक्षा घ्यायची असेल तर आठ मिलिमीटरचा मेट्रिक बोल्ट घेऊन जा आणि नट मागा. पाच सोळांश इंचाचा बोल्ट ७.९४ मिलिमीटरचा असतो, डोळ्याला फरक कळणं शक्य नाही, पण एकाच्या दोन आट्यांतलं अंतर १.२५ मिलिमीटर आणि दुसऱ्याचं १.४१, त्यामुळे चुकीचा नट एक फेरी छान फिरतो, दुसरीला कुरकुरतो आणि तिसरीला आपण जोर लावला की आटेच जातात. चांगला काउंटरवाला बोल्ट हातात घेऊन जाडी बघतच बसत नाही, ओळखीच्या मापाचा दुसरा बोल्ट घेतो, दोन्हींचे आटे एकमेकांत टेकवून उजेडाकडे धरतो. फट दिसली की घराणं वेगळं. दोन सेकंदांचं काम आहे, आणि याला कुठलंही यंत्र लागत नाही, मी हे बघूनच प्रभावित झाले होते. ओळख पटवण्याला पूर्ण मार्क.

नळ-पाइपचं तर विचारूच नका. अर्धा इंच म्हणून जो पाइपचा आटा विकतात त्याचं बाहेरचं माप साधारण २१ मिलिमीटर भरतं, त्यात अर्धा इंच कुठेच नाही, ते नाव जुन्या लोखंडी पाइपाच्या आतल्या भोकावरून आलेलं आणि भोक बदललं तरी नाव तसंच राहिलं. आता माणूस घरी टेप लावणार, २१ मिलिमीटर बघणार, ऑनलाइन जाऊन पाऊण इंची किंवा एक इंची मागवणार आणि मग पार्सल परत पाठवत बसणार. काउंटरवर तुम्ही नुसता जुना तुकडा ठेवलात की विषय संपतो. वर तो माणूस न विचारता टेफलॉन टेप पुढे सरकवतो, आणि लागतोच तो.

स्क्रूची डोकी हा दुसरा घोळ. सरळ खाचेच्या स्क्रूवरून स्क्रूड्रायव्हर घसरतो हे सगळ्यांना माहितीये, कॅनडातल्या पी. एल. रॉबर्टसनने १९०८ मध्ये चौकोनी खड्ड्याचा स्क्रू काढला जो आजही वापरायला सगळ्यात छान आहे असं माझं ठाम मत आहे, फोर्डने तो मोटारीत वापरलाही, पण बनवायचे हक्क मागितले तेव्हा रॉबर्टसनने दिले नाहीत. मग १९३० च्या दशकात हेन्री फिलिप्सचा चार पाकळ्यांचा स्क्रू आला, कॅडिलॅकच्या कारखान्यात लागला आणि जगभर पसरला. नंतर त्याच्यासारखाच दिसणारा पॉझिड्राइव्ह आला, ज्याच्या फुलीच्या मधे आणखी बारीक रेघा असतात. फिलिप्सचा ड्रायव्हर पॉझिड्राइव्हमध्ये बसतो, फिरतोही, आणि जोर लावला की उसळून बाहेर येतो नि डोकं झिजवतो. स्क्रूच खराब निघाला अशी तक्रार घेऊन जे लोक येतात त्यातल्या बऱ्याच जणांचा ड्रायव्हर चुकलेला असतो. मोठ्या स्टोअरमध्ये रॅकसमोर उभं राहून हे कोण सांगणार?

आता भावाबद्दल, कारण कापलेल्या स्टारचा मोठा हिस्सा इथे आहे. काउंटरच्या मागच्या खणांवर नमुना असतो, किंमत नसते. भाव विचारावा लागतो, आणि विचारणाऱ्याच्या चेहऱ्याकडे बघून उत्तर येतं असा संशय निदान मला तरी नेहमी येतो. बरं हा प्रश्न काही नवा नाही, इंग्लंडमधल्या क्वेकर पंथाच्या दुकानदारांनी सतराव्या शतकातच ठरवलं होतं की एकच भाव सांगायचा, घासाघीस म्हणजे खोटं बोलणं. जपानमध्ये मित्सुई घराण्याने १६७३ मध्ये एदो म्हणजे आजच्या टोकियोत एचिगोया नावाचं कापडाचं दुकान काढलं, तिथे रोख पैसे आणि ठरलेला भाव ही पद्धत त्यांनी आणली. पॅरिसच्या बॉन मार्शे या मोठ्या दुकानात १८५२ नंतर ते चालवणाऱ्या बूसिकोने वस्तूवर किमतीची चिठ्ठी लावणं नेहमीचं करून टाकलं. म्हणजे बाकीच्या व्यापाराने हे कधीच सोडवलं, आणि हार्डवेअरचं काउंटर मात्र अजून ‘किती पाहिजेत त्यावर आहे’ असं म्हणतं. नाही पटत मला. एक छापील भावपत्रक काउंटरवर चिकटवायला काय जातं?

पण त्याच एचिगोयाची दुसरी गोष्ट काउंटरच्या बाजूने जाते. बाकीचे व्यापारी कापडाचा अख्खा तागा विकायचे, हे लोक पाहिजे तेवढं कापून द्यायचे, म्हणून साधी माणसं तिथे जायला लागली. हार्डवेअरच्या काउंटरने ही सोय अजून सोडलेली नाही. साखळी हातभर कापून, वायर मीटरवर, वायसर दोन नग, स्क्रू तीन. मोठ्या स्टोअरात मला तीन स्क्रू पाहिजे असतात आणि पॅकेट दहाचं असतं, उरलेले सात कुठल्यातरी ड्रॉवरमध्ये जाऊन पडतात आणि पुन्हा लागतात तेव्हा सापडत नाहीत, मग पुन्हा दहाचं पॅकेट.

ही पॅकेटं आली कुठून हे समजून घेतलं की सगळा बदल कळतो. १९१६ मध्ये अमेरिकेतल्या मेम्फिस शहरात क्लॅरेन्स सॉंडर्सने पिगली विगली नावाचं किराणा दुकान काढलं, फिरतं दार, एकाच दिशेने जाणारी वाट, गिऱ्हाइकाने टोपली घेऊन स्वतः माल उचलायचा आणि शेवटी पैसे द्यायचे. त्याआधी किराण्यातही काउंटरवाला माल काढून द्यायचा. सॉंडर्सने याचं पेटंट सुद्धा घेतलं. नोकर कमी लागले, भाव उतरले, पद्धत हिट झाली. पण नीट बघितलं तर काम नाहीसं झालं नाही, दुकानदाराचं काम गिऱ्हाइकाच्या अंगावर आलं. साखरेच्या बाबतीत चालून गेलं कारण साखर कोणालाही ओळखता येते. हार्डवेअरमध्ये गिऱ्हाइकाला वस्तूचं नावच माहिती नसतं, ‘ते कमोडच्या टाकीत आत असतं ना, पांढरं, वर-खाली होतं ते’ अशी सुरुवात असते, मग तो रॅकवरून काय उचलणार? वर बारकोड आला, २६ जून १९७४ ला ओहायोतल्या ट्रॉय गावात च्युइंगमच्या पाकिटावर पहिल्यांदा स्कॅन झाला, आणि बारकोड चिकटवायला जागा पाहिजे. सुट्या वायसरवर कुठे चिकटवणार? म्हणून माल आणखीच प्लास्टिकच्या फुगीर पाकिटात आणि पुठ्ठ्यावर गेला, आणि आपले सात स्क्रू ड्रॉवरमध्ये.

मोठ्या स्टोअरांची बाजू सुद्धा प्रामाणिकपणे सांगते, नाहीतर रिव्ह्यू एकतर्फी होईल. होम डेपो ही घरदुरुस्तीच्या सामानाची अमेरिकन साखळी १९७८ मध्ये बर्नी मार्कस आणि आर्थर ब्लँक या दोघांनी आधीच्या नोकरीतून काढून टाकल्यावर स्थापन केली, पहिली दुकानं १९७९ मध्ये अटलांटात उघडली, आणि त्यांचा सुरुवातीचा जोर याच्यावरच होता की दुकानातल्या माणसाला कामाची माहिती पाहिजे, त्याने गिऱ्हाइकाला काम शिकवलं पाहिजे. म्हणजे काउंटरचं ज्ञान गोदामाएवढ्या दुकानात नेण्याचा प्रयत्न. जिथे तो माणूस खरंच टिकवला तिथे ही स्टोअरं मस्त चालतात. प्लायवूडच्या शीट, रंगाचे मोठे डबे, ड्रिल मशीन हातात धरून वजन बघणं, या सगळ्याला मी तिकडेच जाईन, काउंटरवर ड्रिल मशीन खोक्यातून बाहेर काढायला सांगितलं तर तोंड वाकडं होतं. पण हा फॉर्म्युला कुठेही उचलून ठेवला की चालतो असं नाही. चीनमध्ये होम डेपोने २०१२ मध्ये आपली उरलेली सात मोठी दुकानं बंद केली, तिथे मजूर परवडतो आणि लोकांना स्वतः करण्यापेक्षा करून घ्यायला आवडतं हे नंतर सगळेच म्हणाले. ऑस्ट्रेलियातल्या बनिंग्ज या हार्डवेअर साखळीच्या मालकांनी २०१६ मध्ये ब्रिटनमधली होमबेस ही तशीच साखळी ३४ कोटी पौंडांना घेतली, आधीचे वरचे मॅनेजर घालवले, तिथल्या गिऱ्हाइकांना आवडणारा घरसजावटीचा माल काढून टाकला, आणि २०१८ मध्ये अख्खी साखळी एका पौंडाला विकली. एक पौंड! वर निर्णय घेणाऱ्यांत जुनं फारसं कोणी राहिलंच नाही ज्याला माहिती होतं की इथे कोण काय मागायला येतं.

छोटी दुकानं या सगळ्यात तगली ती काही नुसत्या प्रेमळपणावर नाही. एकट्या दुकानदाराला कारखान्याकडून साखळी स्टोअरच्या भावात माल मिळणं शक्य नव्हतं, म्हणून त्यांनी एकत्र खरेदी सुरू केली. शिकागोत १९२४ मध्ये काही दुकानदार एकत्र आले त्यातून एस हार्डवेअर उभं राहिलं आणि ते पुढे १९७० च्या दशकात पूर्णपणे दुकानदारांच्याच मालकीचं झालं, १९४५ ला डू इट बेस्टची आधीची संस्था, १९४८ ला जॉन कॉटरची कंपनी जी पुढे ट्रू व्हॅल्यू झाली. यातली ट्रू व्हॅल्यू २०१८ मध्ये बाहेरच्या गुंतवणूकदारांकडे गेली, २०२४ मध्ये दिवाळखोरीत निघाली आणि विकत घेतली कोणी, तर दुकानदारांच्याच मालकीच्या डू इट बेस्टने. यावरून मोठा सिद्धांत काढणार नाही, पण मला बरं वाटलं.

ऑनलाइनवाल्यांनी हे वाचून हसू नये, तुमचा धंदाही जुनाच आहे. अमेरिकेत माँटगोमेरी वॉर्डने १८७२ मध्ये एका कागदाची यादी छापून पोस्टाने माल विकायला सुरुवात केली, मग सिअर्सचा जाडजूड कॅटलॉग आला, त्यात खिळ्यांपासून अख्ख्या घरापर्यंत सगळं, आणि गावोगावचे दुकानदार इतके घाबरले की काही ठिकाणी लोकांकडून कॅटलॉग गोळा करून चौकात जाळले. दुकानं तरी राहिली. कारण तेच, कॅटलॉगमध्ये शोधायला नाव लागतं, आणि आपल्याकडे नाव नाही, तुकडा आहे. आता फोटो काढून शोधता येतं हे खरं, आणि बिजागरी किंवा कडी शोधायला ते चांगलं चालतंही, पण फोटोत आट्यांमधलं अंतर कळत नाही आणि नळाच्या स्पिंडलचे दाते वीस आहेत की चोवीस ते तर बिलकुल नाही.

चांगला काउंटरवाला कसा ओळखायचा? तो उलट प्रश्न विचारतो. तुम्ही म्हणालात ‘भिंतीत स्क्रू मारायचाय’ तर त्याचा पहिला प्रश्न ‘भिंत कसली’ हा पाहिजे, वीट, पोकळ ब्लॉक का जिप्सम बोर्ड, आणि दुसरा ‘टांगायचं काय’. भिंतीत स्क्रू धरून ठेवणारा प्लग सुद्धा अशाच अडचणीतून आला, १९११ च्या सुमारास लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये भिंती न फोडता विजेचं फिटिंग लावायचं होतं, तेव्हा जॉन रॉलिंग्ज नावाच्या ठेकेदाराने तागाचे धागे जनावराच्या रक्ताने चिकटवून नळी बनवली, स्क्रू आत गेला की ती फुगून भोकात घट्ट बसायची. १९५८ मध्ये जर्मनीच्या आर्टुर फिशरने नायलॉनचा केला, तोच राखाडी प्लग आज सगळीकडे दिसतो. आता साधा प्लग भरीव विटेत झकास धरतो आणि पोकळ ब्लॉकमध्ये किंवा बोर्डमध्ये नुसता गरागरा फिरतो, तिथे मागे उघडणारा किंवा गाठ मारल्यासारखा फुगणारा वेगळा लागतो. सहा नंबरच्या प्लगला सहाचाच बिट, आणि स्क्रूची लांबी म्हणजे प्लगची लांबी अधिक टांगायच्या पट्टीची जाडी अधिक थोडं जास्त, हे त्याने स्वतःहून सांगितलं तर समजा दुकान बरोबर निवडलंत. न विचारता हातात प्लगचं पाकीट कोंबणारा दुकानदार आणि रॅक यांच्यात काही फरक नाही.

अजून एक कसोटी, कुलूप अडकतंय म्हणून सांगा. सरळ डब्ल्यूडी-४० पुढे केलं तर ठीक, चालेल, पण तो स्प्रे मुळात पाणी हटवायला बनवलेला, १९५३ मध्ये सॅन डिएगोत ॲटलास क्षेपणास्त्राचा पत्रा गंजू नये म्हणून, चाळिसाव्या प्रयत्नात जमला म्हणून नावात चाळीस. तो अडकलेलं सोडवतो, पण कायमचं वंगण नाही. ‘याने सुटेल, पण नंतर ग्रॅफाइटची पावडर टाका’ असं जो म्हणेल त्याच्याकडे पुढच्या वेळी परत जावं.

आता तक्रारी, भावाची सांगून झाली. दुसरी, बाई गेली की ‘कोणासाठी पाहिजे’, ‘मिस्त्रीला पाठवा’, ‘घरात कोणी आहे का बोलायला’ हे ऐकावं लागतं. हातात पक्कड धरून उभी असताना सुद्धा. सगळीकडे नाही, पण बऱ्याच काउंटरांवर, आणि रॅकवाल्या स्टोअरमध्ये निदान हे होत नाही, रॅक काही विचारत नाही. ज्या बायका काउंटरवर जायच्या बंद झाल्या त्यांना मी नावं ठेवणार नाही. तिसरी, प्लंबर आणि सुतार आले की आपण रांगेत मागे. याचं कारण कळतं, त्यांची रोजची खरेदी, आपली वर्षातून दोनदा एका वायसरची, पण कारण कळलं म्हणून पाय दुखायचे थांबत नाहीत. चौथी म्हणजे ‘हेच चालतंय’. दुकानात नसलेल्या मालाऐवजी जवळपासचं काहीतरी गळ्यात मारणं. याच्यावर उपाय एकच, जुना तुकडा आणि नवा तुकडा काउंटरवरच एकमेकांना लावून बघायचा, तिथेच, बिल व्हायच्या आधी. आणि बिल मागायचं, पाठकोऱ्या कागदावरचा आकडा म्हणजे बिल नाही. १८७९ मध्ये अमेरिकेतल्या डेटनच्या जेम्स रिटीने कॅश रजिस्टर काढलं ते आपल्या बारमधले नोकर गल्ल्यात हात मारतात म्हणून, पण त्यातून गिऱ्हाइकालाही शेवटी छापील आकडा बघायला मिळायला लागला, दीडशे वर्षं होत आली त्याला.

शेवटची तक्रार नाही, काळजी आहे. या दुकानांची सगळी यादी एका माणसाच्या डोक्यात असते. तो जेवायला गेला की मागे बसलेल्या पोराला खण सापडत नाहीत. खणांवर नमुने लावलेले असतात ते यासाठीच, अमेरिकेत तर या मालासाठी अष्टकोनी फिरती लाकडी कपाटं बनायची, भरपूर ड्रॉवरची, आता लोक ती शोभेला दिवाणखान्यात ठेवतात. तर दुकानदारांनो, नमुन्याखाली मापही लिहा की. मेट्रिक का इंची, आटे किती. पुढच्याला उपयोगी पडेल.

जाणार असाल तर सकाळी दुकान उघडता उघडता जाऊ नका, तेव्हा सगळे कामवाले माल भरायला आलेले असतात, दुपार बरी. तुटलेला तुकडा बरोबर न्या, धुऊन न्या, आणि जिथून काढला त्या जागेचा एक फोटो. नाव सांगायच्या भानगडीत पडू नका, काम काय करायचंय ते सांगा. दोन बाजूंना आटे असलेली वस्तू असेल तर दोन्ही बाजूंचे जोडीदार न्या, नुसती एक बाजू जुळून उपयोग नाही.

स्टार चार. ओळख पटवायला पूर्ण, सुटा माल मिळायला पूर्ण, भाव आणि वागणूक मिळून एक कापला. नवीन घर अख्खं सजवायचं असेल, सगळं एकाच कंपनीचं आणि आजच घ्यायचं असेल, तर इकडे फिरकूच नका, मोठ्या स्टोअरला जा. जुन्या घरातला जुना नळ गळत असेल तर मात्र दुसरीकडे वेळ घालवू नका.